ढकलपास

बाबूराव गजभिये दर रविवारी नागपूरहून मुलाला फोन करायचे आणि दर रविवारी तोच प्रश्न विचारायचे, "काय करून राहिला?"

आणि तिकडे बेल्जियममधून सुगत दर रविवारी जे खरं होतं तेच सांगायचा, "ढकलून राहिलो, बाबा."

यात लपवाछपवी अजिबात नव्हती. सिनेमात कॅमेरा सरकवायचा असेल तर तो रुळांवरच्या ट्रॉलीवर ठेवतात, आणि ती ट्रॉली कोणीतरी ढकलावी लागते. ते कोणीतरी म्हणजे सुगत. पण मराठी माणूस 'ढकलतोय' म्हणाला की काय ढकलतोयस, असं त्याला कोणी विचारत नाही. दिवस असणार, असं धरून चालतात. बाबूराव फोन ठेवायचे, थोडा वेळ तसेच बसायचे आणि मग शेजारच्या खोब्रागडेंना सांगायचे, "पोरगं ढकलून राहिलं." खोब्रागडे मान हलवून म्हणायचे, "निघून जातात दिवस."

असं नऊ वर्षं चाललं. नऊ वर्षं मुलगा बापाला आपला धंदा सांगत होता आणि बाप त्याचं दुःख ऐकत होता.

आता सुगत काही ढकलायला म्हणून घरातून निघालेला नव्हता. नागपुरात इंजिनियर होऊन तो यंत्रांच्या थरथरीचा अभ्यास करायला बेल्जियमला गेला. दुसऱ्या हिवाळ्यात त्याच्या खोलीखालच्या रस्त्यावर एका सिनेमाचं शूटिंग लागलं आणि त्यांची ट्रॉली कुरकुरायला लागली. सुगतला ती कुरकुर अभ्यासाला बसू देईना. तो खाली गेला, ट्रॉलीखाली शिरला, सायकलच्या जुन्या ट्यूबचा एक तुकडा कुठंतरी कोंबला आणि कुरकुर थांबली. ते म्हणाले, आता ढकलून दाखव. त्यानं ढकलली. दिग्दर्शक म्हणाला, आणखी हळू. त्यानं आणखी हळू ढकलली. दिग्दर्शक म्हणाला, आणखी. शेवटी तो इतका हळू चालायला लागला की अर्धं युनिट कॉफी पिऊन आलं तरी हा वाटेतच होता. दुसऱ्या दिवशी त्याला कामावर घेतलं. पदवी अर्धवट राहिली, ती अजून तशीच आहे.

तो दिग्दर्शक म्हणजे लुडो. युरोपातल्या कलात्मक सिनेमात लुडोला मान होता, कारण त्याच्या सिनेमात घाई करणारा माणूस नेहमी खलनायक निघायचा. पहिल्या तासात नवरा घर सोडून जायचं ठरवायचा, दुसऱ्या तासात दार लागायचं. मधल्या वेळात कॅमेरा बायकोकडे सरकायचा, पण तो सरकतोय हे कळता कामा नये. कळलं की प्रेक्षकाला वाटतं काहीतरी घडतंय, आणि मग सगळा सिनेमा नासतो. या रीतीनं सुगत नऊ वर्षांत पुष्कळांकडे गेला होता. बटाटा सोलणाऱ्या एका जोगिणीकडे गेला. गोठलेल्या कालव्याकडे गेला. एका मेलेल्या पाद्र्याकडे गेला. हे काम सोपं जाईल असं सगळ्यांना वाटलं होतं, पण पाद्र्यानं मध्येच नाक खाजवलं.

लुडोचा एक नियम होता. शॉट झाला की तो बाहेरच्या एखाद्या माणसाला धरायचा. पोस्टमन असो, पाववाला असो, त्याला विचारायचा, "सरकला?" तो माणूस 'हो' म्हणाला की शॉट बाद. सुगतच्या कामाची एकमेव पावती म्हणजे पाववाल्याचा 'नाही'.

दोन हजार पाच साली सुगतनं लुडोला ताईच्या घराचे फोटो दाखवले आणि पुढचं सगळं झालं. प्रेमलाताई सिंगापूरला पासिर रिसमध्ये राहायची. तिथल्या सगळ्या सरकारी इमारतींसारखा तिच्या ब्लॉकचा तळमजलाही खांबांवर मोकळा सोडलेला होता. लग्न, मयत, कॅरम, काय हवं ते तिथं करा. त्या जागेला तिथं सगळेच 'व्हॉइड डेक' म्हणतात. लुडोनं ते नाव ऐकलं आणि तो खाली बसला. आम्ही जन्मभर सिनेमात पोकळी शोधतोय, तो म्हणाला, आणि या लोकांच्या सरकारनं ती प्रत्येक इमारतीखाली रीतसर बांधून दिलीय. पुढच्या महिन्यात तो आख्खं युनिट घेऊन सिंगापुरात उतरला. आधी शहराच्या दुसऱ्या टोकाला, बुकित पंजांगच्या पोकळ्या बघितल्या, पण तिथं सायकली फार होत्या. मग पासिर रिस ठरलं.

मुलगा सिंगापूरला येणार हे कळल्यावर बाबूरावांनीही तिकीट काढलं. वरकरणी नात एकताला भेटायला. आतून, मुलाला सोडवायला.

शुक्रवारी संध्याकाळी सगळे ताईच्या टेबलाभोवती जमले. पाटवडीचा रस्सा होता. भाऊजी, म्हणजे प्रफुल्ल, चिप बनवणाऱ्या कंपनीत इंजिनियर. सासऱ्यांच्या सांगण्यावरून त्यांनी आपल्या साहेबाशी बोलून ठेवलं होतं आणि सोमवारी सकाळी सुगतची मुलाखत ठरवून टाकली होती. हे त्यांनी दुसरी पोळी वाढताना सांगितलं, म्हणजे त्याला उठून जाता येऊ नये.

सुगत म्हणाला की त्याला नोकरी आहे. बाबूराव म्हणाले की ती कशी आहे ते त्यांना नऊ वर्षांपासून ठाऊक आहे, आता सोसायची गरज नाही. सुगतनं विचारलं, काय सोसतोय मी? बाबूराव म्हणाले, तूच तर दर रविवारी सांगतो. तेव्हा कुठं सुगतच्या डोक्यात प्रकाश पडला. त्यानं मीठ, लोणचं आणि एकताची कंपासपेटी घेऊन टेबलावर रूळ मांडले, ट्रॉली मांडली, आणि आपण नेमकं काय ढकलतो ते करून दाखवलं.

रहस्य उलगडलं होतं, पण कोणाला बरं वाटलेलं दिसेना. बाबूरावांना आजवर वाटत होतं की पोरगा इंजिनियर आहे आणि दुःखी आहे. आता कळलं की तो इंजिनियरही नाही.

"म्हणजे हातगाडी," बाबूराव म्हणाले.

"हातगाडी नाही, बाबा. ट्रॉली."

"चाकं आहेत?"

"आहेत."

"तू ढकलतो?"

"हो."

"मग तिच्यावर कॅमेरा ठेव का केळी ठेव. आणि साहेबाचं नाव काय म्हणाला, लुडो? त्याच्या वरचा साहेब सापशिडी काय?"

भाऊजींनी विषय बदलावा म्हणून, कामासाठी इथं कोणता पास मिळालाय, असं विचारलं. सिंगापुरात माणसाची ओळख पासवरून ठरते. भाऊजींचा एम्प्लॉयमेंट पास, ताईचा डिपेंडंट पास. बाबूरावांना विमानतळावर सोशल व्हिजिट पास मिळाला होता आणि आपल्याला इथं सामाजिक कार्यासाठी बोलावलंय असा त्यांचा समज होता. सुगत काही बोलायच्या आत तेच म्हणाले, "याचा ढकलपास." मग जरा थांबून, दुखावल्यासारखं, "शाळेत कधी झाला नाही. आता झाला."

ताईनं भावाची बाजू घेतली. न बघता कशाला नावं ठेवता, म्हणाली, उद्या खालीच शूटिंग आहे, जाऊन बघा. बाबूरावांना हे पटलं. तीस वर्षं वीज मंडळात त्यांनी मीटर तपासले होते. बंद मीटर आणि चालू मीटर यांतला फरक ते चकतीवर नुसती नजर टाकून सांगायचे. लोकांनी चकती चुंबकानं किती का मंद केलेली असेना, गजभियेसाहेबांच्या डोळ्यांतून हलणारी वस्तू सुटली नव्हती.

"उद्या मी स्वतः तपासतो," त्यांनी जाहीर केलं. "तुझं काम मला दिसलं, तर पुन्हा एक शब्द बोलणार नाही. नाही दिसलं, तर सोमवारी इस्त्रीचा शर्ट घालायचा आणि जावईबापूंबरोबर जायचं. कबूल?"

सगळ्यांनी सुगतकडे बघितलं. त्यानं 'कबूल' म्हटलं आणि मग त्याला रश्श्याचा ठसका लागला, कारण आपण काय कबूल केलंय ते त्याच्या लक्षात आलं होतं. काम चांगलं झालं तर बाबांना ते दिसणार नाही. त्यांना दिसलं तर लुडोच्या लेखी काम बिघडलं. नोकरी राहायची असेल तर नोकरीत नापास व्हायला हवं.

शनिवारी सकाळी व्हॉइड डेकवर रूळ टाकले गेले. शॉट असा होता: पुढे दगडी टेबलापाशी हिल्डे नावाची नटी पाठमोरी बसलेली. कॅमेरा लांबून निघणार, अख्खं एक रीळ संपेपर्यंत सरकत तिच्या खांद्यावरून पुढे जाणार, तेवढ्यात तिच्या गालावर एक अश्रू येणार, आणि शेवटी मागच्या कोऱ्या भिंतीशी सगळं थांबणार. भिंत म्हणजे पोकळी. अडचण अश्रूची होती. हिल्डे थंड देशातली, तिकडे तिला बघता बघता रडू यायचं. इथं तिचं सगळं पाणी घामात जात होतं आणि डोळे दोन दिवस कोरडे होते.

सुगतनं ठरवलं होतं की मुद्दाम एक छोटासा हिसका द्यायचा. बाबांना दिसेल एवढाच. लुडो ओरडेल, शॉट बाद होईल, पण बाप तर मानेल. नऊ वर्षांत त्यानं एकही हिसका दिलेला नव्हता. एवढ्या पुण्याईवर एक चालून जायला हरकत नव्हती.

लुडोनं खूण केली. कॅमेरा सुरू झाला. सुगतनं पहिलं पाऊल उचललं, मान वर केली, आणि बघतो तर भिंतीला टेकून, शॉटच्या बरोबर शेवटच्या टोकाला, छत्री मांडीवर घेऊन बाबूराव बसलेले.

झालं होतं ते असं. लोकांना बघायला दोरीमागे जागा होती आणि एकता तिथं प्लास्टिकच्या पिशवीतलं मायलोचं चॉकलेटदूध स्ट्रॉनं पीत उभीही होती. पण मीटर कोणी बाजूनं तपासत नाही. बाबूराव दोरी ओलांडून सरळ समोर गेले आणि भिंतीजवळच्या दगडी स्टुलावर बसले. युनिटमधल्या एका स्थानिक मुलीला वाटलं, हे शॉटसाठी मागवलेले अंकलच. तिनं, अंकल, हलू नका हं, अशी खूण केली. बाबूरावांना ती तपासणीची अट वाटली. त्यांनीही मान डोलावली.

आता थांबावं तर रीळ वाया जाणार, म्हणून सुगत थांबला नाही. आणि हिसकाही देता आला नाही. समोर बाप बसला होता आणि तो डोळे फाडून बघत होता. कॅमेऱ्याकडे नव्हे, मुलाच्या पायांकडे. सुगतला लहानपणचं श्रामणेर शिबिर आठवलं, पोरांना काही दिवसांपुरतं भिक्खू करतात ते. उन्हाळ्याच्या सुट्टीत बाबांनीच त्याचं मुंडण करून त्याला तिथं सोडलं होतं. विहाराच्या अंगणात पोरांना एका रांगेत सावकाश चालायला लावायचे. टाच, तळवा, बोटं. बाकीची पोरं कंटाळून पळायची. हा एकटा शेवटी उरायचा, आणि त्याला न्यायला आलेले बाबा फाटकाशी उभे राहून वाट बघायचे. पाय तेच होते. फाटकही तेच, असं म्हणायला हरकत नव्हती. तो बाबांकडे चालत राहिला. टाच, तळवा, बोटं.

इकडे बाबूरावांनी ठरवलं होतं की पापणी लववायची नाही. पापणी लवते तेवढ्यातच चोराची चकती सरकते. एक डास त्यांच्या कानाशी आला, बसला, जेवला आणि गेला. हिल्डेचा खांदा आला आणि मागे राहिला. ती रडली नाही. तिच्याकडे कोणाचं लक्षही नव्हतं, कारण कॅमेऱ्याच्या समोर, कोऱ्या भिंतीपुढे एक म्हातारा होता, आणि न मिटलेल्या त्याच्या उजव्या डोळ्यात पाणी साठत होतं. ते काठापर्यंत आलं, थांबलं, आणि गालावरून खाली उतरलं.

मागे लुडो टोपीत तोंड खुपसून रडत होता.

रीळ संपलं. लुडो धावत आला आणि त्यानं बाबूरावांचे दोन्ही हात धरले. तो फक्त एकच प्रश्न विचारू शकत होता आणि तोच त्यानं विचारला, इंग्रजीत. सरकला?

सुगतनं डोळे मिटले.

"नो," बाबूराव म्हणाले. पैज जिंकूनही त्यांना या निकालाचं वाईट वाटलेलं दिसलं. "नॉट मूव्ह्ड. ॲट ऑल." मग मुलाकडे वळून, हळू आवाजात, "मीटर बंद आहे, बेटा. मी एकदासुद्धा नजर हटवली नाही. तू जागचा हलला नाही." आणि ते उठले.

उठले ते कॅमेऱ्याच्या काचेभोवतीच्या काळ्या चौकटीवर कपाळ आपटून पुन्हा खाली बसले. सुरुवातीला पार लिफ्टपाशी असलेला कॅमेरा त्यांच्या नाकापासून वीतभर अंतरावर येऊन उभा होता.

एकता दोरीखालून धावत आली. "आजोबा, युवर हेड ओके ऑर नॉट?"

आजोबांनी कपाळ चोळलं. लिफ्टकडे बघितलं. रुळांकडे बघितलं. मुलाच्या पायांकडे बघितलं, ते आता त्यांच्या खाली पडलेल्या छत्रीला लागून होते.

"दिसलं नाही," ते म्हणाले. "पण लागलं."

दोरीमागून आलेल्या ताईचं म्हणणं पडलं की सुगतनं पैज तिथंच जिंकली. पण बाबूराव शब्दाचे पक्के. अट 'दिसलं' अशी होती, 'लागलं' अशी नव्हती. तेव्हा कॅमेऱ्याला जोडलेल्या छोट्या टीव्हीवर शॉट परत बघायचं ठरलं. अख्खा शॉट बघायला वेळ कोणाला, म्हणून टीव्हीवाल्या मुलानं तो भरधाव पळवला. पडद्यावर भिंतीशी अंगठ्याएवढा एक म्हातारा बसला होता. बघता बघता तो फुगला, त्यानं हिल्डेला खाऊन टाकलं, भिंतीला खाऊन टाकलं आणि एका प्रचंड ओल्या डोळ्यासकट अंगावर आला. बाबूरावांनी स्वतःच्याच भीतीनं मान खाली घातली.

"पुन्हा लाव," ते म्हणाले. त्यानं पुन्हा लावलं. मग उलटं लावलं, तेव्हा ते बुंगाट मागे जाऊन भिंतीला चिकटले. एकता हसून हसून खाली बसली. बाबूरावांनी तिसऱ्यांदा बघितलं तेव्हा ते स्वतःकडे बघतच नव्हते. कडेला, काठावरच्या सावलीत, कुणाचे तरी दोन पाय दिसतात का ते शोधत होते. दिसले नाहीत.

"हे सगळं तू केलं?" त्यांनी विचारलं.

"हो."

"आणि तू यात कुठंच नाही."

"नाही."

बाबूरावांनी छत्री या हातातून त्या हातात घेतली.

"तू खूश होता काय रे? नऊ वर्षं?"

"हो, बाबा."

"मग काहून सांगितलं नाही?"

"दर रविवारी सांगत होतो."

यावर बाबूराव जे हसले ते त्यांना स्वतःलाच थांबवता येईना. हसताना कपाळ दुखायचं, म्हणून ते कपाळ धरून हसायचे, ते बघून सुगत हसायचा. लुडोला मराठी येत नव्हतं. तरी तो हसला आणि लगेच कॅमेरामनला म्हणाला की हे घे, पण तोवर रीळ संपलेलं होतं. म्हणून हा एवढा एक प्रसंग त्या सिनेमात नाही. बाकी अख्खं रीळभर बाबूराव आहेत. पुढे एका युरोपियन समीक्षकानं लिहिलं की त्या वृद्धाच्या नजरेत एका खंडाची प्रतीक्षा आहे. त्या नजरेत वीजचोरीचा संशय आहे हे लिहिणारा कोणी निघाला नाही.

भाऊजींनी त्याच दुपारी साहेबाला फोन करून सांगितलं की उमेदवार उत्तम आहे, पण जागचा हलत नाही. इस्त्रीचा शर्ट मात्र वाया गेला नाही. लुडोनं मोठ्या आदरानं विचारून बाबूरावांचा त्या शर्टातला एक फोटो काढून घेतला, आणि तेवढ्यासाठी बाबूराव स्टुलावर इतका वेळ स्थिर बसले की लुडोनं दोनदा जवळ जाऊन श्वास चालू आहे का ते बघितलं.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. ज्याला फोन करायचा तो मुलगा समोरच बसून पोहे खात होता, म्हणून बाबूरावांनी सवयीनं खोब्रागडेंना लावला. जय भीम झालं, हवापाणी झालं. मग खोब्रागडेंनी आवाज खाली आणून विचारलं, पोरगं कसं आहे?

"ढकलून राहिलं," बाबूराव अभिमानानं म्हणाले.

पलीकडे एक उसासा ऐकू आला. "निघून जातात दिवस, गजभिये."

"निघून जाऊ नये म्हणून तर इतकं हळू ढकलते ते."

खोब्रागडेंनी जपून विचारलं, "तिकडे ऊन फार आहे काय, बाबूराव?"

"नाही, नाही," बाबूराव म्हणाले आणि कपाळावरच्या टेंगळाला हात लावून बघितला. "थोडं लागलं फक्त."